परत आल्यावर घर ‘जवळपास’ तेच वाटतंय? आधी चिठ्ठीवरची फुली बघा

दर रविवारी संध्याकाळी परत-कक्षाच्या खिडकीवर तीच तक्रार येते. “मॅडम, सगळं बरोबर आहे, पण काहीतरी चुकतंय.” कुणाच्या रूममेटला सकाळचं कडाक्याचं भांडण आठवतच नसतं. कुणाची आई फोनवर म्हणते, “आज तू डबा विसरून गेलास ना रे?” आणि याच्या सॅकमध्ये रिकामा डबा खुळखुळत असतो. कुणाची छत्री खुंटीवर लटकलेली सापडते आणि दुसरी तशीच छत्री त्याच्या हातात असते.

आपल्या अकादमीत समांतर जगांत जा-ये करायला शिकवतात. परतताना आपल्या जगाऐवजी जवळपास तशाच दुसऱ्या जगात उतरलात, तर त्याला इथे ‘शेजारी उतरणं’ म्हणतात. लांबच्या जगात भरकटणं हा वेगळा प्रकार. तो क्वचित घडतो, आणि घडला तर कुणाला विचारायला यावं लागत नाही, बाहेर पाऊल टाकताच कळतं. शेजारी उतरणं मात्र नेहमीचं आहे, आणि त्याचं कारणही जवळपास दर वेळी तेच निघतं. तरी प्रत्येक नवी तुकडी तीच चुकीची तपासणी करते, निर्धास्त होऊन रिक्षात बसते, आणि मग रात्री अकराला आमचा फोन वाजतो. म्हणून एकदाच सविस्तर लिहिते.

चुकीची तपासणी कोणती, ते आधी. पहिल्या सत्रातली मुलं उतरल्याबरोबर फोन काढून इतिहास शोधतात. देशातली पहिली प्रवासी गाडी कधी सुटली? १६ एप्रिल १८५३, बोरीबंदर ते ठाणे, ३४ किलोमीटर, चौदा डबे, तीन इंजिनं. जुळलं. वागळे इस्टेट कधीची? १९६२, एमआयडीसीची पहिली वसाहत. जुळलं. मासुंदा तलाव जागेवर, कोपिनेश्वराचं देऊळ जागेवर, गडकरी रंगायतनही जागेवर. एक मुलगी तर प्रयोगशाळेत बसून सूक्ष्मसंरचना स्थिरांक, म्हणजे विद्युतचुंबकीय बलाची ताकद सांगणारा आकडा, काढून आली होती. तोही १३७ला एक असाच आला. मेहनतीबद्दल तिला चहा पाजला, पण त्या आकड्याचा इथे काडीचा उपयोग नाही.

का नाही, ते बघा. कर्जतची गाडी आणि कसाऱ्याची गाडी कल्याणपर्यंत त्याच मार्गाने जातात. तुम्ही डोळे मिटून बसलात आणि “डोंबिवली गेलं का, ठाकुर्ली गेलं का” एवढंच विचारत राहिलात, तर दोन्ही गाड्यांत उत्तर ‘हो’ असंच येणार. कुठली गाडी ते कळायला कल्याणच्या पुढचं स्टेशन विचारायला हवं. शेजारचं जग, म्हणजे शेजारचा फाटा, तुमच्या फाट्यापासून त्याच दिवशी सकाळी फुटलेला असतो. त्याआधीचं सगळं, १८५३ काय आणि तुमचं दहावीचं गुणपत्रक काय, दोघांचं सामाईक आहे. सामाईक गोष्ट तपासून वेगळेपण कसं सापडेल?

ज्यांनी प्रवेशाच्या आधी वाचन केलेलं नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटने १९५७ साली प्रिन्स्टनच्या प्रबंधात असं मांडलं की क्वांटम कणाचं मोजमाप झाल्यावर एक निकाल उरतो आणि बाकीचे पुसले जातात असं मानायची गरजच नाही. सगळे निकाल आपापल्या फाट्यात पुढे चालू राहतात. हे फाटे एकमेकांना दिसेनासे का होतात, याचा उलगडा १९७० नंतर डीकोहेरन्सच्या, म्हणजे भोवतालाशी गुंतत गेल्याने क्वांटम गुण हरवण्याच्या, अभ्यासातून होत गेला. एव्हरेटच्या गणितात एका फाट्यातून दुसऱ्यात जायला दार नाही. आपल्या गाळ्यात ते कसं उघडलं हा तिसऱ्या सत्राचा विषय आहे, आणि तो शिकवणाऱ्या सरांना फार खोदून विचारलं की त्यांना नेमका फोन येतो.

आता निघण्याआधी काढता आणि परतल्यावर नोंदवहीशी जुळवता त्या चिठ्ठीकडे वळू, कारण गोची तिथेच आहे.

चिठ्ठीचं यंत्र तुम्ही सगळ्यांनी पाहिलंय, पण बहुतेकांना ते बसच्या तिकिटाचं यंत्र वाटतं. आत एक अर्धपारदर्शक आरसा आहे. एकेक प्रकाशकण त्यावर सोडला जातो. कण आरपार गेला तर शून्य, परावर्तित झाला तर एक. दोन बाजूंना दोन शोधक बसवलेत, ते मोजतात. असे ६४ आकडे झाले की चिठ्ठी छापली जाते आणि तेच आकडे खिडकीमागच्या नोंदवहीत जातात. योगायोगाने चुकीच्या ठिकाणी तीच चिठ्ठी जुळण्याची शक्यता १८ वर अठरा शून्यं एवढ्यांत एकदा. तेवढ्याला घाबरायचं कारण नाही.

आकडे साध्या संगणकातून का काढत नाही, असं दरवर्षी कुणीतरी विचारतं. संगणकाचे यादृच्छिक आकडे एका बीजसंख्येवरून हिशेबाने काढलेले असतात. बीज तेच, तर आकडेही तेच. मागे यंत्र बंद होतं तेव्हा कुणीतरी डोकं चालवून एक दिवस संगणकाचे आकडे छापून दिले. त्या दिवशी सगळ्यांच्या चिठ्ठ्या सगळीकडे जुळल्या. पुढचा आठवडा आम्ही कसा काढला ते विचारू नका.

यंत्र स्वतः क्वचित बिघडतं. पावसाळ्यात डब्याच्या झाकणाचं रबर सुटतं, आत उजेड शिरतो, आणि एक शोधक उगाचच जास्त मोजायला लागतो. मग चिठ्ठीवर एकांची रांग लागलेली दिसते. थोडाफार कल असेल तर आतली गाळणी तो काढून टाकते. युक्ती गणितज्ञ जॉन फॉन नॉयमनची, १९५१ची. आकडे जोडीने घ्यायचे, ०१ आलं तर शून्य धरायचं, १० आलं तर एक, आणि ०० किंवा ११ आलं तर जोडी फेकून द्यायची. कल कितीही असला तरी उरलेले आकडे समसमान पडतात, फक्त वेळ जास्त लागतो. तेव्हा चिठ्ठी यायला नेहमीपेक्षा उशीर होत असेल तर यंत्रावर थापा मारू नका. खिडकीवर सांगा, आम्ही झाकण बघतो.

म्हणजे चिठ्ठी पक्की, यंत्र ठीक. मग शेजारी उतरणं होतं कशामुळे?

चिठ्ठी एवढंच सिद्ध करते की तुम्ही ज्या फाट्यात उतरलात त्यात ही चिठ्ठी निघाली होती. चिठ्ठी निघाल्यानंतर जे फाटे फुटले, त्या सगळ्यांच्या नोंदवहीत तीच चिठ्ठी आहे. सकाळी साडेआठला चिठ्ठी काढलीत, मग मामलेदारची मिसळ खायला गेलात, तिथे रांग, मग जांभळी नाक्यावरून चार्जर घेतलात, मग अकराला पलीकडे जायचा उंबरठा ओलांडलात, तर मधले अडीच तास कुठल्याही चिठ्ठीत नोंदलेले नाहीत. त्या अडीच तासांत फुटलेल्या कुठल्याही फाट्यात यंत्र तुम्हाला परत सोडू शकतं. त्याच्या दृष्टीने ते सगळे घरच आहेत. फाटे तर चहात साखर विरघळतानाही फुटतात, पण बहुतेकांमधला फरक जन्मात कुणाच्या लक्षात यायचा नाही. अडीच तास मोकळे मिळाले की मात्र एखादा फरक डब्यापर्यंत, छत्रीपर्यंत, भांडणापर्यंत मोठा होतो.

यावर उपाय आधीच केलेला आहे. उंबऱ्याच्या डाव्या चौकटीवर कमरेच्या उंचीला एक पितळी बटण आहे. ते दाबलं की यंत्र तुमच्या चिठ्ठीला शेवटचे सोळा आकडे जोडतं आणि चिठ्ठीच्या उजव्या कोपऱ्यात बारीक फुली छापतं. मग मधला वेळ काही क्षणांवर येतो.

त्रास असा आहे की बटण न दाबताही दार उघडतं. दिवा हिरवाच लागतो, घंटाही तशीच वाजते, आणि यंत्र मुकाट्याने सकाळच्या चिठ्ठीवर काम भागवतं. ज्याने हे असं ठेवलं त्याला मी भेटलेली नाही, भेटले तर विचारणार आहे. बदलासाठी अर्ज दिलाय. तो मंजूर होईपर्यंत फुली बघणं तुमच्याच हातात आहे.

रविवारीच तक्रारी का वाढतात, हे आता लक्षात आलं असेल. रविवारी कधी मेन लाइनवर मेगाब्लॉक, कधी हार्बरवर, कधी ट्रान्स-हार्बरवर. घणसोली, तुर्भे, नेरुळची मुलं अडकतात आणि ठाण्यातल्या मित्राला फोन करतात, “माझीपण काढून ठेव रे.” मित्र आठ वाजता चार जणांच्या चिठ्ठ्या काढतो. चिठ्ठी माणसाची नसते, फाट्याची असते, त्यामुळे यंत्र हरकत घेत नाही. हे महाशय बाराला धापा टाकत नऊ नंबरच्या फलाटावर उतरतात, रिक्षाने वागळेला येतात, मागे रांग लागलेली असते, पर्यवेक्षक “चला चला” करत असतात, आणि पितळी बटणाकडे बघायला कुणाला सवड नसते. चार तासांची चिठ्ठी घेऊन माणूस पलीकडे जातो. मग संध्याकाळी, “मॅडम, सगळं बरोबर आहे, पण...”

चिठ्ठीच्या कागदाबद्दलही सांगून ठेवते. तो उष्णतेवर छपाई होणारा कागद आहे, एटीएमच्या पावतीसारखाच. ऑक्टोबरच्या उकाड्यात घामेजल्या खिशात ठेवलात तर काळवंडतो, आणि मग कोपऱ्यातली फुली शोधणं म्हणजे नशिबाचा खेळ. टिकावी म्हणून एकाने ती लॅमिनेट करून आणली. गरम रुळातून काढल्यावर आख्खी चिठ्ठी काळी झाली. साध्या प्लास्टिकच्या पाकिटात ठेवा, आणि उंबरठा ओलांडण्याआधी फोटो काढून घ्या.

उतरल्यावर काय तपासायचं

फुली असेल आणि नोंदवहीशी सगळे आकडे जुळले, तर घरी जा. पुढचं वाचायची गरज नाही.

फुली नसेल तर दालनाबाहेर पडू नका आणि फोनचं नेट चालू करू नका. फोन विमान मोडवरच ठेवा. चिठ्ठी निघाल्यापासून उंबरठा ओलांडेपर्यंतच्या वेळात तुमच्याकडून काय काय घडलं ते आठवा, आणि त्याच्या खुणा तुमच्या फोनमध्ये शोधा. सगळ्यात भरवशाची खूण यूपीआयची. मिसळीचे पैसे फोनवरून दिले असतील तर बँकेचा एसएमएस तुमच्या फोनमध्येच पडलेला असतो, त्यात बारा आकडी व्यवहार क्रमांक असतो. तो कागदावर उतरवा. आता नेट चालू करा आणि बँकेच्या ॲपमध्ये आजचे व्यवहार काढा. ॲप ती यादी इथल्या सर्व्हरवरून आणतं. एसएमएसमधला क्रमांक यादीत नसेल, किंवा रक्कम वेगळी असेल, तर तुम्ही शेजारी उतरलात. उदाहरणार्थ, तुमच्याकडे एका मिसळीची नोंद आहे आणि इथल्या यादीत दोन दिसतायत. म्हणजे इथल्या ‘तुम्ही’ने सकाळी मित्राचेही पैसे भरले. (हे बघून काही जणांना अपराधी वाटतं. वाटू द्या.)

रोख पैसे देणाऱ्यांची इथे पंचाईत होते. त्यांनी आईला फोन करावा. “काय चाललंय” असं विचारू नका. “मी सकाळी शेवटचा मेसेज काय पाठवला होता, जरा वाचून दाखव” असं विचारा. तुमच्या फोनमधला आणि तिच्या फोनमधला मेसेज शब्दाला शब्द जुळला पाहिजे. आई “कशाला रे, काय झालं, कुठे आहेस, जेवलास का” असं सुरू करेल. सांभाळून घ्या. तिला खरं कारण सांगत बसू नका.

फोनला रेंज आली, दाराची किल्ली लागली, बोटाचा ठसा जुळला, म्हणून घरच असं समजू नका. ते सगळं सकाळच्या आधीचं आहे. कल्याणच्या अलीकडचं.

कुठल्या तक्रारी आणू नका

निम्मा वेळ आमचा यात जातो, म्हणून स्पष्टच लिहिते. उंबरठा ओलांडल्यानंतर मागे जे घडलं त्यावर तुमचा हक्क नाही. तुम्ही नसताना मामांनी गाडी विकली, सोसायटीने पार्किंग बदललं, आवडती मालिका बंद पडली, या तक्रारी आम्ही घेत नाही. तुम्ही पलीकडे होता तेव्हाही इकडे फाटे फुटतच होते. त्यातला कुठला खरा म्हणायचा? तुमच्या उंबऱ्यापासून निघालेले सगळेच सारखे खरे. त्यातला एक तुमच्या वाट्याला आला, इतकंच. लांबच्या अभ्यासदौऱ्यावरून आलेल्यांना हे पचायला जड जातं. त्यांनी समुपदेशनाच्या खोलीत जावं, परत-कक्षात नाही.

दुसरं म्हणजे ठाणं बदललंय, ही तक्रार नाही. ठाणं बदलतच असतं. दोन वर्षांच्या दौऱ्यावरून परतलेला एक जण दिघा गाव नावाचं स्टेशन बघून घाबराघुबरा खिडकीवर आला होता. ते जानेवारी २०२४मध्ये सुरू झालं, ऐरोलीच्या अलीकडे, सगळ्यांसाठीच. ठाण्याचा पाच नंबरचा फलाट रुंद झालाय तोही २०२४मध्ये, त्यासाठी मोठा ब्लॉक घेतला होता. घोडबंदर रोडवर काल नसलेला अडथळा आज दिसला तर तो घोडबंदर रोडचा गुण आहे. आणि हो, ठाण्यात इतकी वर्षं काढूनही ‘मासुंदा तलावाभोवती एवढी दुकानं कधी झाली’ असं विचारणारी माणसं एकाच फाट्यात, एकाच घरात भेटतात. आठवण ही काही फोटो नसते. दर वेळी आठवताना ती पुन्हा जुळवली जाते आणि जुळवताना थोडी बदलतेही. म्हणून “मला चांगलं आठवतंय” हा आम्ही पुरावा धरत नाही. कागद दाखवा, क्रमांक दाखवा.

ऐरोलीच्या खाडीकडच्या दालनात उतरणाऱ्यांची एक खास तक्रार असते: “मी निघालो तेव्हा खाडी भरलेली होती, आता नुसता चिखल आहे.” भरती-ओहोटी चंद्र-सूर्याच्या हिशेबाने चालते. सकाळी फुटलेल्या दोन फाट्यांत तिचं वेळापत्रक वेगळं असूच शकत नाही, त्यामुळे फाटा ओळखायला ती निरुपयोगी आहे. वेळ ओळखायला मात्र उत्तम. दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटं जातात, आणि रोजची भरती आदल्या दिवसापेक्षा सुमारे पन्नास मिनिटं उशिरा येते. तुमच्या घड्याळाप्रमाणे भरती असायला हवी आणि समोर तिवरांची मुळं उघडी पडलेली दिसत असतील, तर तुमचा फाटा बरोबर असू शकतो, तास चुकलाय. त्यासाठी खिडकी वेगळी आहे, तळमजल्यावर, घड्याळ-दुरुस्ती. रोहित पक्षी जुलैत दिसले म्हणून घाबरू नका. मुख्य मुक्काम हिवाळा ते मे असला तरी काही पक्षी पावसाळ्यातही मागे राहतात.

खरंच शेजारी उतरला असाल तर

घाबरायचं काही नाही. पण एक गोष्ट लक्षात घ्या. तुम्ही इथे आहात याचा अर्थ इथला ‘तुम्ही’ तुमच्या घरी आहे. तोही आज निघाला होता, त्यानेही बटण दाबलं नाही, तोही परतला. तो सध्या तुमच्या आईच्या हातचं जेवतोय आणि डब्यावरून तिच्याशी वाद घालतोय. तुम्हाला एकट्याला परत पाठवून भागत नाही, दोघांची अदलाबदल करावी लागते, आणि त्यासाठी दोघंही आपापल्या उंबऱ्यावर एकाच वेळी उभे हवेत.

त्याला निरोप पाठवता येत नाही. म्हणून नियम ठरवलाय, आणि तो दोन्हीकडे तोच आहे, कारण नियमही सकाळच्या आधीचा आहे: संशय आला की दुपारी तीनच्या किंवा रात्री अकराच्या पाळीबदलाला उंबऱ्यावर यायचं. मधल्या वेळी नाही. “मी जरा आवरून साडेतीनला येतो” म्हणालात तर तोही तसंच म्हणेल, पण तुम्ही दोघं अगदी एकाच मिनिटाला पोहोचाल याची खात्री नाही. आळस दोघांचा सारखा असतो, रिक्षा सारखी मिळत नाही.

त्याला संशय आलाच नाही तर? म्हणून तर फुली नसलेल्या चिठ्ठ्या आम्ही इकडून तपासतो, आणि माझ्या जागी तिकडे बसलेली तीही तपासते. ती त्याला फोन करेल. ती माझ्यासारखीच असेल तर दोनदा करेल आणि तिसऱ्यांदा घरी माणूस पाठवेल. त्यामुळे खिडकीवरून फोन आला तर “आज रविवार आहे, उद्या बघू” म्हणू नका. तुम्ही झोपलात की तिकडे कुणीतरी उंबऱ्यावर उभं राहून कंटाळतं.

वाट बघताना इथे जेवलात, झोपलात तर बिघडत नाही. पाणी, पीठ, मीठ सगळं तेच आहे. सही मात्र कशावरही करू नका. चेकवर नाही, सोसायटीच्या वहीत नाही, कुरिअरच्या पावतीवरही नाही. कुणाशी भांडण मिटवू नका आणि नवं काढूही नका, ते दुसऱ्याचं आहे. फोन बदलला असेल तर तोही बरोबर आणा. अदलाबदलीनंतर दुसऱ्याचं सिम घेऊन परतलेल्यांची वेगळी रांग लागते, आणि ती दर मंगळवारी दुपारीच उघडते.

अदलाबदलीसाठी उभे राहिलात की आधी पितळी बटण दाबा. या वेळी तरी. जुनी चिठ्ठी, फोनमधला तिचा फोटो आणि व्यवहार क्रमांक लिहिलेला कागद, तिन्ही खिडकीवर जमा करा. चिठ्ठी काळी पडली असेल तर फोटो चालतो. फोटोही नसेल तर नोंदवहीतून आकडे काढावे लागतात, त्याला अर्ज आणि एक दिवस लागतो.

येत्या रविवारी ब्लॉक आहे की नाही ते शनिवारीच बघून ठेवा. असेल तर मित्राला चिठ्ठी काढायला सांगू नका. आम्ही यंत्र दुपारी दोनपर्यंत चालू ठेवतो, स्वतः येऊन काढा. कागदाचा रोल संपलेला दिसला तर खिडकीवर टकटक करा, दुसरा माझ्या टेबलाच्या खालच्या खणात आहे.